खटक्यावर बोट ठेवण्याआधी

एप्रिल-मेमध्ये कोल्हापुरात शाळेची सुट्टी आणि वळीव एकदमच येतात. दुपारभर पोरं गेमवर बसलेली असतात. चारच्या सुमाराला आभाळ काळवंडतं, वारं सुटतं आणि पहिला थेंब पडायच्या आत लाईट जाते. अशा आठवड्यात राजारामपुरीतल्या एखाद्या कॉम्प्युटर दुरुस्तीच्या दुकानात जरा वेळ उभं राहावं. काउंटरवर सीपीयू, त्याच्यामागे वडील, वडिलांच्या मागे मुलगा, आणि वडिलांचं वाक्य ठरलेलं: "गेम चालू असताना डायरेक्ट बंद करतोय हा. त्यानंच मदरबोर्ड गेला." कधी मदरबोर्डच्या जागी हार्डडिस्क असते, कधी ग्राफिक्स कार्ड. मुलगा फरशीकडे बघतो. दुकानदार मान हलवतो, कारण गिऱ्हाइकाशी वाद घालून धंदा होत नाही.

वाद घालायला हवा खरं तर. गेम मधेच बंद केल्यानं मदरबोर्ड जात नाही, हार्डडिस्क जात नाही आणि ग्राफिक्स कार्ड तर मुळीच जात नाही. हे कितीदा सांगितलं तरी पुढच्या वळवाला पुन्हा तेच.

गेम हा एक प्रोग्रॅम. विंडोज त्याला मेमरी देते, फायली उघडून देते, ग्राफिक्स कार्ड वापरू देते आणि काय काय दिलं त्याचा हिशेब स्वतःकडे ठेवते. गेम रीतसर बंद होवो, अडकून पडो किंवा टास्क मॅनेजरमधून मारला जावो, दिलेलं सगळं विंडोज परत काढून घेते. त्यामुळे 'रॅममध्ये कचरा साठतो' हेही त्याच माळेतलं. कार्डाचं म्हणाल, तर गेम बंद झाल्याक्षणी त्याच्यावरचा भार उतरतो आणि ते थंड व्हायला लागतं.

यावर हमखास एक दाखला पुढे केला जातो. जुलै 2021 मध्ये अमेझॉनच्या 'न्यू वर्ल्ड' या गेमच्या चाचणीत काहींची महागडी आरटीएक्स 3090 कार्डं खरोखरच निकामी झाली होती. पण ती गेम चालू असताना गेली, बंद करताना नव्हे. आणि ईव्हीजीए या कार्ड बनवणाऱ्या कंपनीनं परत आलेली सुमारे दोन डझन कार्डं तपासून दोष आपल्याच सोल्डरिंगमध्ये असल्याचं मान्य केलं.

मग काउंटरवरचा तो मदरबोर्ड गेला कशानं? वळवातल्या अशा बिघाडांत पहिला संशय घ्यावा तो विजेच्या चढउतारावर, विशेषतः लाईट परत येताना बसणाऱ्या झटक्यावर. लाईट गेली की सगळे मोबाईलचा टॉर्च शोधतात, कॉम्प्युटरचा खटका तसाच चालू राहतो. दुपारी मुलानं गेम मधेच बंद केलेला असतो, संध्याकाळी लाईट ये-जा करते, रात्री मशीन उठत नाही आणि शिक्षा दुपारच्या गुन्ह्याची होते. लाईट गेल्यावर भिंतीवरचा खटका बंद करायचा आणि ती येऊन चार-पाच मिनिटं टिकली की मगच चालू करायचा, हे त्या मुलाला कोणी सांगितलेलंच नसतं.

मुळात 'मधेच बंद केला' असं म्हणताना लोक चार निरनिराळ्या गोष्टी एका पोत्यात भरतात. गेमच्या मेनूत जाऊन 'क्विट' करणं ही पहिली. ऑल्ट-एफ-फोर ही दुसरी, आणि सगळ्यात जास्त बदनाम हीच. ही कळ दाबली की विंडोज गेमला मारत नाही, 'खिडकी बंद करायची आहे' एवढा निरोप देते. केएमटीच्या बसमध्ये बेल वाजवावी तसं ते. गाडी कुठे आणि कशी उभी करायची ते ड्रायव्हरच ठरवतो. काही गेम निरोप मिळताच सेव्ह करून निघतात, काही 'नक्की जायचंय का' असं विचारतात, काही सेव्ह न करताच निघतात आणि काही तर दादच देत नाहीत. तिसरी गोष्ट म्हणजे टास्क मॅनेजरमधून गेमची प्रोसेस मारणं. इथे निरोपाचा प्रश्न नाही, गेमला आवराआवर करायला वेळच मिळत नाही. चौथी म्हणजे मशीनचं पॉवर बटण चार-पाच सेकंद दाबून धरणं, प्लग उपटणं किंवा लाईट जाणं.

पहिल्या तिन्हींत जातो तो फक्त गेम. चौथीत गेमसकट विंडोजच्या पायाखालची फळी निघते. धोक्याची खरी रेघ इथे आहे, आणि नेमकी तीच कोणी ओढत नाही. ऑल्ट-एफ-फोरला विषासारखं घाबरणारं घर मशीन थेट बोर्डावरून बंद करताना मात्र बिनधास्त असतं.

मधेच बंद करण्यात खरोखर धोक्यात येतो तो सेव्ह, म्हणजे खेळाची प्रगती लिहून ठेवलेली फाईल. तीही दर वेळी नाही. एका पिढीनं सायबर कॅफेत 'जीटीए व्हाइस सिटी' खेळून काढला. त्यात सेव्ह करायचा तर आपल्या अड्ड्यावर जाऊन तिथे फिरणाऱ्या कॅसेटच्या खुणेत उभं राहावं लागे. मिशनच्या मध्यात गेम मारला तर मिशन पाण्यात जाई, पण आधीची फाईल जशीच्या तशी राही, कारण त्या क्षणी तिला कोणी हातच लावलेला नसे. नवे गेम आपणहून, कुठेही, कधीही सेव्ह करतात. पडद्याच्या कोपऱ्यात छोटं चिन्ह फिरतं आणि 'हे चिन्ह दिसत असताना बंद करू नका' अशी सूचना गेमच्या सुरुवातीलाच येते. ती सगळे घाईघाईनं पुढे ढकलतात.

लिहिणं चालू असताना घाव बसला तर काय होतं, याचा पुरावा लहान मुलांनीच देऊन ठेवला आहे. 1999 साली जपानमध्ये आलेल्या 'पोकेमॉन गोल्ड' आणि 'सिल्व्हर'मध्ये पोकेमॉन साठवण्याचे डबे असत आणि डबा बदलताना गेम सेव्ह होई. पोरांच्या लक्षात आलं, की पोकेमॉन डब्यात ठेवायचा, डबा बदलायचा आणि सेव्ह अर्ध्यावर असताना गेमबॉय बंद करायचा. डब्याची नोंद नवी लिहिलेली, खेळाडूच्या जवळची मात्र जुनीच. म्हणजे तोच पोकेमॉन दोन्हीकडे. क्षण चुकला तर अख्खा सेव्ह उडण्याचीही भीती असे, तरी हा उद्योग जगभर चालला.

त्याच्याही आधी, 1987 मध्ये अमेरिकेत आलेल्या 'द लेजंड ऑफ झेल्डा'च्या कॅसेटमध्ये सेव्ह टिकवण्यासाठी बॅटरी होती. मशीन बंद करताना रीसेटचं बटण दाबून धरावं, असं तो गेमच बजावत असे. वीज उतरत असताना गोंधळलेल्या प्रोसेसरनं त्या मेमरीत भलतंच काही लिहू नये, म्हणून रीसेटनं त्याला गप्प बसवायचं. आपल्याकडच्या मीडिया आणि समुराई या टीव्ही गेमच्या मशीनवर बहुतेकांनी मारिओ आणि कॉन्ट्रा खेळले. त्यांत सेव्हच नव्हता, त्यामुळे बिघडायलाही काही नव्हतं. 'आधी रीसेट, मग बंद' ही शिस्त मात्र काही घरांत कडकपणे पाळली गेली.

आज चांगले गेम आधीच सावध असतात. नवा सेव्ह ते वेगळ्या फाईलवर पूर्ण लिहितात आणि मगच जुन्याच्या जागी बसवतात, किंवा जुनी प्रत बाजूला राखतात. 'माइनक्राफ्ट'च्या जगाच्या फोल्डरमध्ये 'लेव्हल डॉट डॅट'च्या शेजारी 'ओल्ड' जोडलेली दुसरी फाईल असते, ती याचसाठी. पण सगळेच इतके शहाणे नसतात आणि मोठी नावंही याला अपवाद नाहीत. फेब्रुवारी 2022 मध्ये 'एल्डन रिंग' बाजारात आला तेव्हा प्लेस्टेशन 5 अचानक बंद पडलं तर सेव्ह नीट न होण्याची शक्यता आहे, गेममधून रीतसर बाहेर पडून सेव्ह करा, असं गेमच्या कंपनीलाच जाहीर करावं लागलं होतं.

आता पुन्हा त्या धोक्याच्या रेघेकडे. गेमनं 'लिहिलं' म्हटल्यावर मजकूर लगेच डिस्कवर उतरतोच असं नाही. विंडोज तो काही काळ मेमरीत धरून ठेवते आणि सवडीनं उतरवते. नुसता गेम मारला तर विंडोज जिवंत असते, ती हातातलं काम पुरं करते. लाईट गेली तर ते काम हातातच राहतं. यातून एक विचित्र प्रकार घडतो, जो अनेकांनी पाहिलाय पण ओळखला नाही. सेव्हची फाईल जागेवर असते, आकारही बरोबर दिसतो, गेम मात्र 'सेव्ह खराब आहे' म्हणतो. हेक्स एडिटरमध्ये उघडावी तर आतमध्ये ओळीच्या ओळी नुसती शून्यं. विंडोजची एनटीएफएस ही फाईल-व्यवस्था फाईलचं नाव, आकार, जागा यांची रोजनिशी ठेवते, आतल्या मजकुराची नाही. खातं राहिलं, ऐवज गेला. ही फाईल दुरुस्त करून देतो म्हणणाऱ्याला पैसे देऊ नयेत. शून्यांतून काही परत काढता येत नाही.

"आमच्याकडे इन्व्हर्टर आहे" हे उत्तर इथे येतंच. पुष्कळ घरगुती इन्व्हर्टरवर 'ईको' आणि 'यूपीएस' असे दोन मोड असतात आणि मोड निवडायचा खटका बसवल्या दिवसापासून ईकोवरच असतो. पंखा-ट्यूबला ते पुरतं. कॉम्प्युटरचा पॉवर सप्लाय मात्र वीज गेल्यावर भरल्या भारावर जेमतेम 16-17 मिलिसेकंद तग धरेल अशा हिशेबानं बनवलेला असतो. ईको मोडमधल्या इन्व्हर्टरला बदल करायला त्याहून जास्त वेळ लागू शकतो, आणि तेवढ्यात मशीन रीस्टार्ट होतं. यूपीएस मोडवर टाकल्यानं बहुतेक वेळा काम भागतं.

वेगळा यूपीएस असला तरी त्याच्यावरचे आकडे वाचावेत. 600 व्हीए लिहिलेला साधा यूपीएस साधारण 360 वॉट देतो. ऑफिसच्या कामाला तो भरपूर झाला, पण मोठं ग्राफिक्स कार्ड आणि मॉनिटर गेमच्या भरात याच्या पुढे सहज जातात. मग लाईट जाताक्षणी यूपीएस एकदा किंचाळतो आणि मशीनसकट बसतो. तो दहा मिनिटं टिकेलच, तर ती दहा मिनिटं सेव्ह करून मशीन बंद करण्यासाठी असतात. मॅच संपवण्यासाठी नव्हेत, हे कोणाला सांगायचं?

गेम अडकला आणि पडदा सोडेना झाला, तरी हात लगेच पॉवर बटणाकडे जायला नको. आधी मिनिटभर थांबावं. पुष्कळदा गेम अडकलेला नसतो, डिस्क कुथत असते. मग ऑल्ट-टॅब, नाहीतर कंट्रोल-शिफ्ट-एस्केप दाबून टास्क मॅनेजर. तो गेमच्या मागे दडला तर विंडोज-टॅबनं नवा डेस्कटॉप उघडून तिथे बोलवावा. पडदाच काळा पडला असेल तर विंडोज-कंट्रोल-शिफ्ट-बी एकदम दाबल्यावर ग्राफिक्स ड्रायव्हर नव्यानं सुरू होतो. तेही नाही तर कंट्रोल-ऑल्ट-डिलीट करून उजव्या कोपऱ्यातल्या चिन्हावरून रीतसर शटडाऊन. पॉवर बटण दाबून धरणं हे सगळं फसल्यावर.

बाकीचे गैरसमज एवढा वेळ देण्याच्या लायकीचे नाहीत. लाईट जाताच हार्डडिस्कची सुई तबकडीवर आपटते म्हणतात. फिरत्या तबकडीच्याच ऊर्जेवर ती सुई बाजूला नेऊन ठेवण्याची सोय डिस्कमध्ये कित्येक वर्षांपासून आहे. कॅसेटला फुंकर मारली की गेम चालतो, असं अख्खी पिढी मानत आली. निन्टेंडोनं मात्र फुंकर मारू नका असंच सांगितलं, कारण तोंडातल्या ओलाव्यानं पिना गंजतात. ऑनलाईन गेममध्ये मधेच उठलं तर सेव्ह खराब होतो, हेही नाही. तिथला हिशेब सर्व्हरवर असतो. बीजीएमआयमध्ये ॲप बंद केलं तरी आपला माणूस मैदानात पुतळ्यासारखा उभा राहतो आणि टीममधले तिघे शिव्या घालतात, नुकसान ते.

मोबाईलवर तर उलटीच तऱ्हा. तिथे बंद करायला भीती नाही, हौस आहे. बॅटरी वाचते म्हणून दर पाच मिनिटांनी सगळी ॲप वर सरकवून उडवायची. अँड्रॉइडचे तेव्हाचे प्रमुख हिरोशी लॉकहायमर आणि ॲपलचे क्रेग फेडेरिगी या दोघांनीही मार्च 2016 मध्ये याचा उपयोग नाही असं सांगून टाकलं होतं, पण बोटांची सवय जात नाही. गेमच्या बाबतीत हे घातकही ठरू शकतं. होमचं बटण दाबल्यावर 'तू आता मागे गेलास' असा इशारा फोन गेमला देतो आणि बहुतेक गेम त्याच वेळी सेव्ह करतात. म्हणून आधी होम, मग क्षणभर थांबून हवं तर उडवावं. सेटिंगमधलं 'फोर्स स्टॉप' फक्त गेम खरोखर अडकला असेल तेव्हाच.

क्लाउडवर सेव्ह असला की निश्चिंत, ही शेवटची समजूत, आणि ती अर्धीच खरी. स्टीमवर सेव्ह वर चढतो तो सहसा गेम बंद झाल्यानंतर. गेम बंद केला आणि त्याच दमात मशीनही, तर तो वर जातच नाही. उलट बाजूनं, खराब झालेला सेव्ह तितक्याच इमानदारीनं वर जाऊन चांगल्याच्या जागी बसतो. मग दुसऱ्या दिवशी चुलतभावाच्या घरी खेळून परत आपल्या मशीनवर गेम उघडला की स्टीम विचारतं, मशीनवरचा ठेवू की क्लाउडवरचा? इथे बटण दाबायच्या आधी दोन्हींसमोरची तारीख-वेळ वाचावी आणि सेव्हचं फोल्डर कॉपी करून पेनड्राइव्हवर टाकावं. चुकीचा पर्याय निवडला की दुसरा पुसला जातो.