डाकघर बचत बँक आणि सार्वजनिक बचत

बँका ठेवी स्वीकारतात आणि त्यांतून कर्जे देतात, हे आपण जाणता. या घटकात आपण अशा एका संस्थेचा विचार करणार आहोत, जी ठेवी स्वीकारते. परंतु त्यांतून शेतीला अथवा उद्योगाला कर्जे देत नाही. ती संस्था म्हणजे डाकघर बचत बँक होय.

उगम : ब्रिटनमध्ये १८६१ साली डाकघरांमार्फत बचत स्वीकारण्यास आरंभ झाला. भारतात शासकीय बचत बँक अधिनियम १८७३ साली संमत झाला आणि १ एप्रिल १८८२ पासून डाकघर बचत बँक सुरू झाली. यामागील विचार साधा होता. बँक शहरापुरती मर्यादित होती; डाकघर मात्र खेड्यापर्यंत पोहोचत होते.

बचतीचे स्वरूप : कोल्हापूर जिल्ह्यातील एखादे शेतकरी कुटुंब डोळ्यांसमोर आणा. उसाचे बिल हंगामातच येते. दुधाचे बिल दर दहा दिवसांनी मिळते. उसाची मोठी रक्कम सोसायटीचे कर्ज, खते आणि घरातील लग्नकार्य यांत खर्च होते. नियमित बचत शक्य होते ती दुधाच्या पैशातून. ही बचत पूर्वापार भिशीत अथवा घरातील डब्यात जात असे. डाकघराच्या आवर्ती ठेवीत दरमहा किमान १०० रुपये भरता येतात. दरमहा ५०० रुपये भरल्यास पाच वर्षांत ३०,००० रुपये मुद्दल जमते आणि त्यावर व्याज मिळते. १९७२ साली सुरू झालेल्या महिला प्रधान क्षेत्रीय बचत योजनेमुळे महिला प्रतिनिधी घरोघरी जाऊन हे हप्ते गोळा करू लागल्या. अशा रीतीने बचतीला शिस्त लागली.

पैसा कोठे जातो? डाक विभाग हे काम केंद्रीय अर्थ मंत्रालयाच्या वतीने करतो. जमा रक्कम १९९९ साली स्थापन झालेल्या राष्ट्रीय अल्पबचत निधीत जाते. या निधीतून प्रामुख्याने शासनाच्या रोख्यांत गुंतवणूक होते. पूर्वी राज्यांनाही त्यातून मोठ्या प्रमाणावर कर्ज मिळत असे. २०१६ पासून महाराष्ट्रासह बहुतेक राज्ये या व्यवस्थेतून बाहेर पडली. म्हणजेच सहकारी बँकेतील ठेव परिसरातील शेतकऱ्याला वा कारखानदाराला कर्जरूपाने मिळू शकते, तर डाकघरातील ठेव मुख्यतः शासकीय खर्चासाठी वापरली जाते. सुरक्षितता आणि स्थानिक पतपुरवठा यांतील ही निवड सार्वजनिक बचतीच्या अभ्यासात महत्त्वाची ठरते.

सुरक्षिततेतील भेद : पुढील चार संस्थांत गल्लत केल्यास आयुष्यभराची पुंजी धोक्यात येऊ शकते.
१) डाकघर बचत बँक : ठेवीमागे केंद्र शासनाची हमी असते, तिला रकमेची मर्यादा नाही.
२) इंडिया पोस्ट पेमेंट्स बँक : ती देशभर २०१८ साली सुरू झाली. डाकघरातच तिचे काम चालत असले तरी ती स्वतंत्र बँक आहे. तिच्या खात्यात २ लाख रुपयांपर्यंतच शिल्लक ठेवता येते.
३) सहकारी बँक : प्रत्येक ठेवीदाराच्या व्याजासह ५ लाख रुपयांपर्यंतच्या ठेवीला विमासंरक्षण असते.
४) पतसंस्था : तिच्या ठेवींना हे विमासंरक्षण लागू नाही.

अधिक व्याजाच्या आशेने संपूर्ण बचत एकाच ठिकाणी ठेवण्यापूर्वी तिच्यामागे कोणाची हमी आहे, हे विचारणे हा ठेवीदाराचा हक्क आहे.

सारांश : डाकघर बचत बँकेने अल्प उत्पन्न असलेल्या कुटुंबांना बचतीचे सुरक्षित साधन दिले आणि विखुरलेल्या लहान रकमांतून शासनाला भांडवल मिळवून दिले. स्थानिक पतपुरवठ्याची गरज मात्र सहकारी बँकांसारख्या अन्य संस्थांनाच भागवावी लागते.

स्वाध्याय : आपल्या घरातील बचत कोणकोणत्या संस्थांत आहे, याची यादी करा. प्रत्येक ठेवीसमोर तिची हमी आणि तिचा विनियोग लिहून दोन्हींची तुलना करा.