सांधेदुखीची गोळी : किती घ्यावी, केव्हा थांबावे



ऊसशेती म्हणजे गुडघ्यांची परीक्षा. लागणीला वाका, भरणीला वाका, रात्रीच्या पाळीला थंड पाण्यात उभे राहून दारे धरा. पन्नाशी ओलांडली की गुडघे कुरकुरू लागतात. मग कोणी तरी सांगतो, "अहो, ती तांबडी गोळी घ्या, तासाभरात चालायला लागाल." गोळी घेतली, खरेच बरे वाटले. दुसऱ्या दिवशी पुन्हा घेतली. अशी वर्षे जातात.

आमच्या गटातील एका वयस्क सभासदांचे असेच झाले. रक्तदाबाची गोळी डॉक्टरांची, गुडघ्याची मात्र परभारे दुकानातून. ऐन मे महिन्यात खोडव्याला पाणी देताना त्यांना जुलाब लागले. तीन दिवस अंगात पाणी नाही, पण दोन्ही गोळ्या चालूच. लघवी कमी झाली, पायांवर सूज आली. रक्त तपासले तर क्रिएटिनिन बरेच वाढलेले. वेळीच उपचार झाले म्हणून मूत्रपिंडे सावरली. "मला कुणी सांगितलंच नाही," असे ते म्हणाले. म्हणून हा लेख.

गोळी काय करते?

डायक्लोफिनॅक, एसिक्लोफिनॅक, आयब्युप्रोफेन, नॅप्रोक्सेन, इटोरिकॉक्सिब ही सगळी एकाच भावकीतली औषधे. सांधा सुजला की तेथे प्रोस्टाग्लँडिन नावाची द्रव्ये तयार होतात आणि त्यांनी ठणका वाढतो. ही द्रव्ये तयार होणेच या गोळ्या रोखतात. ॲस्पिरिन याच मार्गाने काम करते हे जॉन व्हेन या शास्त्रज्ञांनी १९७१ साली दाखवले. प्रोस्टाग्लँडिनवरील कामाबद्दल १९८२ च्या नोबेल पारितोषिकात त्यांचा वाटा होता.

अडचण अशी की हीच द्रव्ये शरीरात चांगली कामेही करतात. पोटातील आम्लापासून ती जठराचे अस्तर राखतात. ती कमी झाली की व्रण पडतो, कधी रक्तस्राव होतो. "मग इंजेक्शन घेतो, पोटाला त्रास नको," असे काही जण म्हणतात. तो गैरसमज आहे. औषध रक्तातून सगळीकडे जाते, त्यामुळे इंजेक्शननेही पोट सुटत नाही.

मूत्रपिंडाचे काम पाटासारखे समजा. पाटाला पाणी कमी आले की आपण दारे मोठे करून वाफा भिजवतो. अंगातील पाणी कमी झाले की प्रोस्टाग्लँडिन मूत्रपिंडाकडे जाणारी रक्तवाहिनी अशीच रुंद ठेवते. गोळीने ते दारे बंद होते. सोबत रक्तदाबाच्या काही गोळ्या किंवा लघवी वाढवणारी गोळी चालू असेल तर धोका आणखी वाढतो. आमच्या सभासदांचे नेमके हेच झाले.

हृदयाचाही प्रश्न आहे. या गोळ्यांनी रक्तदाब वाढू शकतो. रोफेकॉक्सिब नावाचे याच वर्गातील औषध हृदयविकाराचा झटका व पक्षाघात यांचा धोका वाढवते असे दिसल्यावर २००४ साली बाजारातून काढून घेतले गेले.

आपल्या गोठ्यातलाच एक दाखला पाहा. डायक्लोफिनॅक दिलेले जनावर मेले आणि ते गिधाडांनी खाल्ले की त्यांची मूत्रपिंडे निकामी होत. आकाशातली गिधाडे पार कमी झाली. म्हणून २००६ साली जनावरांसाठी हे औषध बंद करण्यात आले. माणूस काही गिधाडाइतका नाजूक नाही, पण औषधाची ताकद यावरून कळावी.

मग गोळी घ्यायचीच नाही का?

तसे मुळीच नाही. डॉक्टरांनी तपासून, थोड्यात थोडी मात्रा, कमीत कमी दिवस दिली तर ही गोळी मोठा आधार आहे. एवढे मात्र पाळावे :

१. एका वेळी या वर्गातील एकच गोळी. नावे वेगळी असली तरी आतले औषध तेच असू शकते, तेव्हा पाकिटावरील बारीक अक्षरे मुलाकडून वाचून घ्यावीत. युरिया दुप्पट टाकला म्हणून उतारा दुप्पट होत नाही, ऊस मात्र लोळतो.

२. रक्तदाब, मधुमेह, हृदयविकार, दमा, पूर्वीचा अल्सर असेल किंवा रक्त पातळ करणारी गोळी चालू असेल, तर डॉक्टरांना आधी सांगावे. गरोदर बाईने विचारल्याशिवाय घेऊ नये.

३. गोळी जेवणानंतर घ्यावी. पोटाच्या रक्षणाची गोळी डॉक्टरांनी दिली असेल तर ती सकाळी उपाशीपोटी. पण ती मूत्रपिंडाचे रक्षण करत नाही.

४. जुलाब, उलट्या, कडक ताप, उन्हाचा तडाखा अशा वेळी गोळी थांबवून डॉक्टरांना विचारावे.

५. शौचाला डांबरासारखे काळे झाले, उलटीत रक्त दिसले, लघवी कमी झाली, छातीत दुखले, तर क्षणभरही थांबू नये. दवाखाना गाठावा.

६. रोज गोळी लागतच असेल तर रक्तदाब व क्रिएटिनिन ठरावीक काळाने तपासून घ्यावे.

नुसत्या गुडघ्याचे दुखणे असेल तर याच औषधाचे मलम आधी वापरून पाहण्यासारखे आहे, कारण ते रक्तात फार थोडे उतरते. वजन कमी करणे आणि मांडीच्या स्नायूंचा व्यायाम हेही औषधच समजा.

दोन्ही हातांची बोटे सुजत असतील आणि सकाळी तासभर आखडून राहत असतील, तर ती नुसती झीज नसून आमवात असू शकतो. त्यात ठणका दाबून भागत नाही, आतून सांधा खराब होत राहतो. त्याची औषधे निराळी, आणि ती लवकर सुरू व्हावी लागतात.

शेवटचे एक. बाजारात मिळणाऱ्या बिननावाच्या पुड्यांनी एका दिवसात गुण आला तर आधी शंका घ्यावी. अशा पुड्यांत स्टिरॉइड मिसळलेले सापडले आहे. बरेच दिवस घेत असाल तर एकदम बंद करू नका. पुडी घेऊनच डॉक्टरांकडे जा.

माती परीक्षणाशिवाय आपण खताची मात्रा ठरवत नाही. मग स्वतःच्या देहाला बिनतपासणीची मात्रा का द्यावी?