बिनवाराचा दिवस

भिंतीवरचे कॅलेंडर आपण दर वर्षी का बदलतो? पहिली जानेवारी दर वर्षी एकाच वारी आली असती, तर एक कॅलेंडर जन्मभर पुरले असते. ते जमत नाही, कारण ३६५ ला ७ ने भागले की ५२ येतात आणि १ उरतो. हा उरलेला दिवस तारखेचा वार दर वर्षी एक घर पुढे ढकलतो.

या दिवसाचे करायचे काय? जे. आर. आर. टॉल्किन या इंग्रज लेखकाने त्यावर एक नामी तोड दाखविली आहे. टॉल्किन ऑक्सफर्डला भाषेचे प्राध्यापक होते. 'द लॉर्ड ऑफ द रिंग्ज' या त्यांच्या अद्‌भुत कादंबरीचा शेवटचा खंड १९५५ साली निघाला. त्याच्या परिशिष्टात त्या काल्पनिक जगातली कॅलेंडरे आहेत.

त्या जगातल्या शायर प्रांतात हॉबिट नावाचे ठेंगू लोक राहतात. त्यांचे महिने बारा आणि प्रत्येक महिना तीस दिवसांचा. झाले ३६०. उरलेले पाच दिवस कोणत्याच महिन्यात नाहीत : एक वर्षारंभी, एक वर्षअखेरीस, तीन ऐन उन्हाळ्यात. या तिघांतल्या मधल्या दिवसाला हॉबिटांनी पुढे वारच ठेवला नाही! लीप वर्षातल्या जादा दिवसालाही नाही. वार मोजायचे राहिले ३६४ दिवस, म्हणजे नेमके ५२ आठवडे. त्यामुळे त्यांचे वर्ष नेहमी एकाच वारी सुरू होते.

आता वही पुढे ओढा. टॉल्किन वर्षाची लांबी ३६५ दिवस, ५ तास, ४८ मिनिटे, ४६ सेकंद धरतात. ३६५ दिवसांवरचा भाग झाला २०,९२६ सेकंद. हजार वर्षांत तो २,०९,२६,००० सेकंद होतो. दिवसाच्या ८६,४०० सेकंदांनी भागा : २४२ दिवस, आणि बाकी १७,२०० सेकंद. नूमेनॉर या त्यांच्या प्राचीन राज्यात दर चौथे वर्ष लीप असे, पण शतकाचे शेवटचे वर्ष नसे. म्हणजे हजार वर्षांत लीप दिवस २४०. हजाराव्या वर्षी आणखी दोन दिवस घातले, तरी १७,२०० सेकंदांची, म्हणजे ४ तास ४६ मिनिटे ४० सेकंदांची तूट राहते. पुस्तकात हाच आकडा छापला आहे! चूक सापडेल या आशेने मी हे गणित केले होते. भाषेच्या प्राध्यापकाने माझी निराशा केली. (आपल्या कॅलेंडरात ४०० वर्षांत ९७ लीप दिवस येतात. तेथे तूट पडते की वाढ होते, ते तुम्ही काढा.)

बिनवाराचा दिवस कादंबरीबाहेरही होता. एलिझाबेथ अकेलिस या अमेरिकन बाईंनी १९३० साली असेच 'जागतिक कॅलेंडर' मांडले. भारताने ते संयुक्त राष्ट्रांपुढे नेले आणि १९५४ साली भौतिकशास्त्रज्ञ मेघनाद साहा यांनी जिनिव्हात त्याची बाजू मांडली. विरोध झाला तो मुख्यतः धार्मिक मंडळींकडून. ज्यू लोक दर सातव्या दिवशी, शनिवारी, विश्रांतीचा सब्बाथ पाळतात. मध्ये एक बिनवाराचा दिवस आला की, सात मोजून येणारा सब्बाथ नव्या कॅलेंडरात शुक्रवारी पडणार, पुढच्या वर्षी गुरुवारी! त्या दिवशी शाळा-कचेऱ्या तर चालू. हजारो वर्षांची ही मोजणी गणिताच्या सोयीसाठी मोडायला ते तयार नव्हते, आणि मला तरी त्यांचे म्हणणे अगदीच गैरवाजवी वाटत नाही. १९५५ साली अमेरिकेनेही नकार दिला व योजना बारगळली.

भारताचे राष्ट्रीय कॅलेंडर साहा यांच्याच समितीने सुचविले. ते २२ मार्च १९५७ पासून लागू झाले. त्यात महिन्यांचे दिवस नव्याने ठरविले आहेत. वारांना मात्र हात लावलेला नाही.