नाक्यांवर तगलेला देश

अफगाणिस्तानात 15 ऑगस्ट 2021 रोजी जे घडले, त्याचे वर्णन एका राजवटीचा पाडाव आणि दुसरीचे पुनरागमन असे सर्वत्र केले गेले. परंतु त्याच दिवशी काबूलमध्ये परक्यांच्या खजिन्यावर राज्यकारभार चालवण्याची जुनी रीतही मोडीत निघाली, हे फारसे कोणाच्या ध्यानात आले नाही. अमीर अब्दुर रहमान खान याला ब्रिटिश हिंदुस्थानच्या तिजोरीतून 1883 पासून वर्षाला 12 लाख रुपये तनखा मिळू लागला आणि 1893 मध्ये ड्युरँड रेषेच्या करारावर सही करताना तो 18 लाखांवर नेण्यात आला. पुढे शीतयुद्धाच्या काळात मॉस्को आणि वॉशिंग्टन या दोघांनीही या देशात रस्ते, धरणे आणि विमानतळ बांधून देण्याची चढाओढ केली. सोव्हिएत फौजा फेब्रुवारी 1989 मध्ये परतल्या, तरी नजीबुल्ला यांचे सरकार आणखी तीन वर्षे तग धरून होते. ते एप्रिल 1992 मध्ये कोसळले, तेव्हा मॉस्कोहून येणारा पैसा आटलेला होता. 2001 नंतरच्या प्रजासत्ताकाची गोष्टही याहून वेगळी नव्हती, कारण त्याच्या सार्वजनिक खर्चाचा सुमारे तीन-चतुर्थांश भाग परदेशी अनुदानांतून भागत असे. स्वतःच्या प्रजेकडून कर घेण्याऐवजी बाहेरून मिळणाऱ्या पैशावर चालणाऱ्या अशा राज्याला अनुदानजीवी राज्य म्हणता येईल, आणि त्याची मोठी उणीव ही की त्याला प्रजेपेक्षा दात्याची मर्जी अधिक राखावी लागते.

तालिबानने काबूल घेताच हा ओघ जवळजवळ एका रात्रीत थांबला. ‘द अफगाणिस्तान बँक’ या मध्यवर्ती बँकेची परकीय चलनाची गंगाजळी सुमारे 9 अब्ज डॉलरची होती. त्यांपैकी 7 अब्ज डॉलर अमेरिकेत होते आणि ते तिथेच गोठवले गेले. त्यातील निम्मी रक्कम 2022 मध्ये स्वित्झर्लंडमधील एका निधीकडे वळवण्यात आली, पण काबूलच्या हाती ती पडली नाही. देशाचे सकल उत्पादन, म्हणजे वर्षभरात निर्माण झालेल्या वस्तू आणि सेवांचे एकूण मूल्य, 2021 मध्ये सुमारे एक-पंचमांशाने घटले आणि पुढच्या वर्षी आणखी खाली गेले. बँकांसमोर रांगा लागल्या, आठवड्याला जेमतेम 200 डॉलरइतकी रक्कम काढण्याची मुभा राहिली, शिक्षक आणि परिचारिकांचे पगार महिनोन्‌महिने थकले.

त्यानंतर जे झाले ते अर्थशास्त्राच्या पाठ्यपुस्तकात सहसा सापडत नाही. परदेशी बँका अफगाण बँकांशी व्यवहार करायला धजत नसल्यामुळे मदतकार्याचा पैसा नेहमीच्या मार्गाने पाठवता येईना, म्हणून संयुक्त राष्ट्रसंघाने डॉलरच्या नोटा प्रत्यक्ष विमानात भरून काबूलला नेण्यास सुरुवात केली. एकट्या 2022 मध्ये अशा तऱ्हेने सुमारे 1.8 अब्ज डॉलर पोहोचले. त्या नोटा एका खासगी बँकेत जमा होतात, मदतसंस्था त्या काढून स्थानिक चलनात बदलून घेतात आणि अशा रीतीने डॉलर बाजारात उतरतात. काबूलमधील सराय शहजादा हा सराफांचा मजलेदार बाजार या व्यवहाराचे केंद्र आहे. तेथे नोटांच्या गड्ड्या उघड्यावर रचलेल्या असतात, भाव हाकाटून ठरतात आणि परदेशात राबणाऱ्या अफगाणांनी हवाल्याने पाठवलेली रक्कम घराघरांत पोहोचते. सुरुवातीच्या काळात नव्या नोटा परदेशातून छापून येणे बंद पडल्यामुळे याच बाजारात चिकटपट्टी लावून सांधलेल्या, रंग उडालेल्या नोटा हातोहात फिरत होत्या. तरीही अफगाणी हे चलन कोसळले नाही; मध्यवर्ती बँकेने वरचेवर डॉलरचे लिलाव केले, देशांतर्गत व्यवहारांत परकीय चलन वापरण्यावर बंदी घातली, आणि 2023 मध्ये एका तिमाहीत तर अफगाणी जगातील सर्वांत वधारलेल्या चलनांमध्ये गणली गेली. या वधारण्याने अनेक भाबड्या निरीक्षकांना भुरळ पाडली. चलन स्थिर होते, कारण विमानाने डॉलर येत होते आणि लोकांकडे खरेदीची ऐपत नसल्याने मागणी थिजलेली होती. त्याला भरभराटीचे लक्षण मानणे म्हणजे ताप उतरला म्हणून थंडगार पडलेल्या रोग्याला बरा समजण्यासारखे आहे.

मात्र तालिबानच्या खात्यावर एक गोष्ट मान्य करावीच लागते. प्रजासत्ताकाच्या काळात वाटेवरचे सरदार, पोलीस आणि स्वतः तालिबान हे सगळेच मालमोटारींकडून वसुली करत. ती जागोजागची नाकी उठली, सीमेवरील लाचखोरीला पुष्कळ आळा बसला आणि सरकारी महसूल वाढला. आज त्या महसुलाचा मोठा हिस्सा सीमाशुल्काचा, म्हणजे सीमेवर मालावर आकारल्या जाणाऱ्या कराचा आहे. परंतु समुद्रकिनारा नसलेल्या देशाने आपला संसार सीमेवरील नाक्यांवर मांडला, की त्याची चूल पेटती ठेवायची की नाही हे ठरवण्याचा अधिकार आपोआप शेजाऱ्याकडे जातो.

याचा प्रत्यय ऑक्टोबर 2025 मध्ये आला. पाकिस्तान सरकारविरुद्ध लढणाऱ्या तेहरिक-ए-तालिबान पाकिस्तान या संघटनेला अफगाण भूमीवर आसरा मिळतो, हा इस्लामाबादचा जुना आरोप आहे आणि काबूल तो फेटाळत आले आहे. त्या महिन्यात काबूलमध्ये स्फोट झाले, सीमेवर चकमकी उडाल्या, दोन्हीकडे माणसे मेली. 19 ऑक्टोबरला कतार आणि तुर्कस्तानच्या मध्यस्थीने दोहा येथे शस्त्रसंधी झाली, पण तोरखम आणि चमन येथील व्यापारी मार्ग बंदच राहिले. नेमका तोच कंदाहारच्या डाळिंबांचा हंगाम असतो. माल भरलेल्या मोटारी नाक्याअलीकडे रांगेत उभ्या राहिल्या, फळे पेट्यांतच सडली, आणि पलीकडे पाकिस्तानच्या बाजारांत टोमॅटोचे भाव भडकले. अखेर नोव्हेंबरमध्ये उपपंतप्रधान अब्दुल गनी बरादर यांनी व्यापाऱ्यांना पाकिस्तानवर विसंबणे सोडून इराण आणि मध्य आशियाचे मार्ग धरण्यास बजावले. ज्या तालिबानला पाकिस्तानने वर्षानुवर्षे पोसले, त्याच्याशीच आज पाकिस्तानचे हाडवैर झाले आहे.

इराणशी असलेला तंटा मुख्यतः पाण्याचा आहे. हेलमंद नदीतून इराणला सेकंदाला सरासरी 26 घनमीटर पाणी मिळावे असा 1973 चा करार आहे. ते मिळत नाही या तक्रारीवरून मे 2023 मध्ये सीमेवर गोळीबारही झाला. उत्तरेकडे अमू दर्यावर तालिबान कोश तेपा हा 285 किलोमीटरचा कालवा खोदत आहे आणि त्यामुळे आपल्या कापसाच्या शेतीचे पाणी तुटेल अशी धास्ती उझबेकिस्तान व तुर्कमेनिस्तान यांना आहे. त्याच देशांकडून अफगाणिस्तान वीज घेतो, म्हणून दोन्ही बाजूंची भाषा सौम्य राहिली आहे.

शेजाऱ्यांच्या हातातील सर्वांत क्रूर साधन मात्र निर्वासितांचे आहे. पाकिस्तानने ऑक्टोबर 2023 मध्ये कागदपत्रे नसलेल्या परकीयांना हाकलण्याची मोहीम उघडली; इराणने 2025 च्या उन्हाळ्यात, इस्रायलशी झालेल्या युद्धाच्या काळात, तीच कारवाई तीव्र केली. 2025 या एका वर्षात या दोन देशांतून 20 लाखांहून अधिक अफगाण परतले, आणि त्यांतील पुष्कळांचा जन्मच मुळी पाकिस्तानात किंवा इराणात झालेला होता. ते परतल्याने घराकडे येणारा पैसा थांबला आणि खाणारी तोंडे वाढली, त्यामुळे एकूण उत्पादन थोडेफार वाढूनही दरडोई उत्पन्नाला त्याचा लाभ झाला नाही. याच सुमारास सर्वांत मोठा दाता असलेल्या अमेरिकेने मदत आखडती घेतली आणि शेकडो आरोग्यकेंद्रांना टाळे लागले. संयुक्त राष्ट्रसंघाच्या अंदाजानुसार 2025 मध्ये सुमारे 2.29 कोटी लोकांना, म्हणजे निम्म्याहून अधिक प्रजेला, मदतीची गरज होती. 31 ऑगस्ट 2025 रोजी कुनार प्रांतात झालेल्या भूकंपात 2000 हून अधिक माणसे दगावली ती या पार्श्वभूमीवर.

वाटेवरची नाकी उठवण्याप्रमाणेच तालिबानच्या अफूबंदीचेही दुहेरी मोजमाप करावे लागते. एप्रिल 2022 मधील फर्मानानंतर लागवड 2.33 लाख हेक्टरवरून वर्षभरात 10,800 हेक्टरवर आली, जे कोणत्याही परकीय फौजेला जमले नव्हते; परंतु त्याबरोबर शेतकऱ्यांचे उत्पन्न 136 कोटी डॉलरवरून 11 कोटींवर घसरले. जुना साठा बाळगणाऱ्या जमीनदारांची वाढत्या भावात चांदी झाली, कोरडवाहू तुकड्यावर जगणारा कुळवाडी मात्र उघडा पडला.

एवढ्या हलाखीत निम्म्या लोकसंख्येला कामापासून दूर ठेवणे ही निव्वळ धर्मवेडाची गोष्ट नाही, तो आर्थिक आत्मघातही आहे. सहावीपुढे मुलींना शाळा नाही, डिसेंबर 2022 पासून विद्यापीठ नाही, आणि डिसेंबर 2024 पासून सुईणींचे व परिचारिकांचे अभ्यासक्रमही त्यांना बंद आहेत. कंदाहारमधून सूत्रे हलवणारे सर्वोच्च नेते हिबतुल्ला अखुंदजादा यांच्याविरुद्ध आंतरराष्ट्रीय फौजदारी न्यायालयाने जुलै 2025 मध्ये स्त्रियांच्या छळाबद्दल अटक वॉरंट काढले. त्याच महिन्यात, काही दिवस आधी, रशियाने तालिबान सरकारला मान्यता दिली आणि तसे करणारा तो पहिला देश ठरला. चीनने त्याआधीच, जानेवारी 2024 मध्ये, तालिबानच्या राजदूताची अधिकारपत्रे स्वीकारली होती. या सगळ्या राजधान्यांनी आपापला हिशेब मांडला आहे: सीमा शांत राहावी, अतिरेकी येऊ नयेत, खनिजे आणि रस्ते मिळावेत. मुलींच्या शाळांचा रकाना त्या हिशेबात नाही.

भारताचा हिशेब थोडा निराळा असू शकतो. मुंबईतील अफगाण वाणिज्य दूतावासात नोव्हेंबर 2024 मध्ये तालिबानने नेमलेला प्रतिनिधी आला, ऑक्टोबर 2025 मध्ये परराष्ट्रमंत्री अमीर खान मुत्ताकी दिल्लीला आले आणि काबूलमधील भारताच्या तांत्रिक पथकाला पुन्हा दूतावासाचा दर्जा देण्यात आला. पाकिस्तानशी काबूलचे बिनसलेले असताना दिल्लीने ही संधी साधावी यात गैर काही नाही. परंतु भारताचा काबूलशी पाण्याचा तंटा नाही, निर्वासितांचे मोठे लोंढे नाहीत; भारताने बांधून दिलेले सलमा धरण, संसद भवन आणि जरंज–देलाराम रस्ता यांमुळे सामान्य अफगाणांत त्याची पत आहे, आणि पुण्यासारख्या शहरांत शिकून गेलेले अफगाण विद्यार्थी तेथे पुष्कळ आहेत. इतर शेजारी जे बोलू धजत नाहीत ते बोलण्याची मोकळीक त्यामुळे दिल्लीलाच अधिक आहे. मुत्ताकी यांच्या दिल्लीतील पहिल्या वार्ताहर परिषदेत स्त्री पत्रकारांना प्रवेश नव्हता. टीकेचा भडिमार होताच दोन दिवसांत दुसरी परिषद बोलावण्यात आली आणि तिला स्त्री पत्रकार हजर होत्या. तालिबान दबावाला जुमानत नाहीत, हे पालुपद त्या दोन दिवसांनी खोटे ठरवले. मात्र तो दबाव पत्रकारांनी आणला होता, सरकारने नव्हे.