नारायणगांवची सुपारी

पुण्याहून नाशिकास जाणाऱ्या रस्त्यावर, जुन्नर तालुक्यांत, नारायणगांव लागतें. गुढीपाडव्याच्या सुमारास येथें तमाशाच्या फडांच्या राहुट्या उभ्या राहतात. त्या खेळासाठीं नव्हेत, करारासाठीं. जुन्नर-आंबेगांवचे आणि दूरदूरचेही यात्रेचे पंच येथें येतात, फडमालकाशीं रक्कम व तारीख ठरवितात आणि विसार देतात. यासच सुपारी देणें म्हणतात.

चैत्र-वैशाखांत शेतकऱ्यास थोडी उसंत असते आणि गांवोगांव ग्रामदैवतांच्या यात्रा भरतात. दिवसां देवाची पालखी, रात्रीं तमाशा. आरंभीं गणांत गणेशाचें स्तवन, मग कृष्ण, पेंद्या व मावशी यांची गवळण, बतावणी, ढोलकी-हलगीच्या ठेक्यावर लावणी आणि शेवटीं वग. पहांटे सामान आवरून फड पुढच्या गांवाची वाट धरतो.

तमिळ मुलुखांतील करगाट्टम या लोकनृत्याची स्थितीही याहून फारशी निराळी नाहीं. मारीअम्मनच्या उत्सवांत डोक्यावर सजविलेला कलश तोलून नाचणारी कलावंतीणही गांवच्या बोलावण्यावरच जगते. देवाच्या उत्सवास जिची कला हवी, तिला घराच्या उंबऱ्याशीं मान मिळेलच असें मात्र नाहीं.

विठाबाई नारायणगांवकर यांचें आयुष्य याची साक्ष देतें. १९३५ सालीं त्या जन्मल्या. वडील भाऊ आणि चुलते बापू यांचा फड नांवाजलेला होता. प्रयोग चालू असतांच त्या आंत जाऊन बाळंत झाल्या, ही हकीकत महाराष्ट्रांत सर्वश्रुत आहे. १९५७ सालीं राष्ट्रपतींच्या हस्ते त्यांचा गौरव झाला. परंतु २००२ सालीं त्या निवर्तल्या, त्या हलाखींतच. आज राज्य शासनाचा तमाशाक्षेत्रांतील जीवनगौरव पुरस्कार त्यांच्याच नांवानें दिला जातो. हा मान त्यांच्या हयातींत त्यांच्या उपयोगीं पडला असता तर किती बरें झालें असतें!

सुपारीवर उभा असलेला हा संसार किती नाजूक आहे, तें २०२० व २०२१ या वर्षीं दिसून आलें. महामारीमुळें यात्रा बंद राहिल्या आणि हंगामच बुडाल्यानें फडांवर उपासमारीची पाळी आली. ढोलकी वाजते तोंवर टाळ्या वाजविणें सोपें आहे. ती थांबल्यावरही त्या कलावंतांची आठवण ठेवणें, हें आपणां सुशिक्षितांचें काम आहे.