उंबऱ्याबाहेरचे बालपण

मराठी आत्मचरित्राचे पहिले प्रकरण उघडले म्हणजे कुलवृत्तान्त, गावचे ग्रामदैवत, वडिलांचा करारी स्वभाव, आईचे सोसणे, पंतोजींची छडी आणि मुंज हा क्रम बहुधा चुकत नाही. आणि चरित्रनायक एकदा इंग्रजी शाळेत दाखल झाला, की हे प्रकरण एक कर्तव्य उरकल्याच्या समाधानाने मिटते. महर्षी कर्व्यांचे 1915 सालचे 'आत्मवृत्त' किंवा रमाबाई रानड्यांच्या 1910 सालच्या 'आमच्या आयुष्यातील काही आठवणी' यांसारख्या प्रामाणिक ग्रंथांतही बालपण हे पुढील आयुष्याच्या इमारतीचे जोतेच आहे. त्याच्याकडे केवळ त्याच्यासाठी पाहावे ही दृष्टी आपल्याकडे उशिरा आली. साने गुरुजींनी 1933 साली नाशिकच्या तुरुंगात 'श्यामची आई' लिहिली, आणि तिच्याद्वारे ही दृष्टी प्रथम घरोघर पोहोचली. परंतु अहमदनगर, म्हणजे आताच्या अहिल्यानगर जिल्ह्यापुरता विचार करून येथे जन्मलेल्या, वाढलेल्या अथवा येथे येऊन लिहित्या झालेल्या माणसांची बालपणे एकत्र ठेवून वाचू लागलो, की एक निराळेच चित्र समोर येते. या मुलखात बालपणाची साक्षेपी नोंद ठेवली ती वाड्यात सुखाने नांदलेल्यांनी नव्हे. ज्यांच्यासाठी घराचा, जातीचा अथवा गावाचा उंबरा एके दिवशी बंद झाला, किंवा जो कधी उघडाच नव्हता, त्यांनी ती ठेवली.

फिलिप आरियेस या फ्रेंच इतिहासकाराने 1960 साली असे प्रतिपादिले, की 'बालपण' ही आयुष्याची स्वतंत्र अवस्था आहे ही जाणीवच युरोपात अर्वाचीन काळात उदय पावली. त्याच्या सिद्धान्ताचे पुढे पुष्कळ खंडन झाले. तथापि त्यामुळे इतिहासकार जुन्या चित्रांतील मुलांच्या पोशाखाकडे, खेळांकडे आणि शाळांच्या नियमांकडे पाहू लागले हे त्याचे ऋण मान्य केलेच पाहिजे. आपल्याकडे ती सोय नाही. आपल्या दप्तरांत मूल येते ते वारस म्हणून. वतन कोणाच्या नावे चालवावयाचे, दत्तकाचा नजराणा किती, अज्ञानाच्या वतीने कारभार कोणी पाहावा, एवढ्यापुरतेच कारकुनाला त्याच्याशी कर्तव्य असे. 1884 साली प्रसिद्ध झालेल्या अहमदनगरच्या सरकारी गॅझेटियरात जातवार चालीरीतींची विस्तृत हकीकत आहे. पाचवी कशी पुजावी, बारसे कितव्या दिवशी, जावळ केव्हा काढावे हे सारे त्यात सापडते, फक्त ज्याचे जावळ काढले तो पोर सापडत नाही.

निजामशाहीचा इतिहास तर बालराजांनी भरला आहे. दुसरा निजामशहा बुऱ्हाण गादीवर आला तेव्हा सात वर्षांचा होता. 1595-96 मध्ये चांदबिबीने नगरचा किल्ला मोगलांविरुद्ध लढविला तो बहादूर या तान्ह्या वारसाच्या नावाने. आणि 1600 साली किल्ला पडल्यावर त्या पोराची रवानगी ग्वाल्हेरच्या किल्ल्यात झाली. पुढे शहाजीराजांनी 1633 च्या सुमारास संगमनेरजवळच्या पेमगिरीवर निजामशाही वंशातील एका अल्पवयीन मुलाला गादीवर बसवून त्याच्या नावाने तीन वर्षे राज्य चालविले, व 1636 साली माहुली येथे तह होऊन तोही मोगलांच्या स्वाधीन झाला. या मुलांच्या नावाने फर्माने निघाली, नाणी पडली, माणसे मेली; परंतु त्यांना रात्री कोणी निजविले, ती कशास भ्यायली, याविषयी एक ओळ कोणी लिहिली नाही. ज्यांचे नाव आज जिल्ह्याला मिळाले आहे त्या अहिल्याबाईंचीही गोष्ट फार निराळी नाही. 1725 साली जामखेड तालुक्यातील चोंडी गावी माणकोजी शिंदे पाटलांच्या घरी त्यांचा जन्म झाला, आणि मल्हारराव होळकरांनी देवळात या चुणचुणीत मुलीला पाहिले ही आख्यायिका सोडली, तर लग्नापूर्वीचे त्यांचे आयुष्य जवळजवळ कोरे आहे.

जेथे दप्तर मुके राहिले तेथे आख्यान बोलले. राहुरी तालुक्यातील ताहराबादचे महिपतीबोवा हे वृत्तीने कुळकर्णी. पूजेच्या वेळी जहागीरदाराच्या शिपायाने तातडीने बोलावून नेल्यामुळे त्यांनी लेखणी खाली ठेवली, आणि आपल्या वंशात कोणी सरकारी चाकरी करू नये असे ठरविले, अशी परंपरा सांगते. त्याच लेखणीने पुढे 1762 साली 'भक्तविजय' पुरा झाला, आणि मराठी मुलखाला संतांची बालपणे मिळाली. त्यांत देवाला नैवेद्य खाण्याचा हट्ट धरणारा नामदेव आहे आणि आळंदीची चार पोरकी भावंडेही आहेत. ही अर्थातच इतिहासाच्या कसोटीस उतरणारी बालपणे नव्हेत. तरीही ज्ञानदेवादी भावंडांची कथा या प्रांतात इतकी खोल रुजली, हा केवळ भक्तीचा प्रभाव मला वाटत नाही. संन्याशाची पोरे म्हणून मुंज नाकारलेली, आईबापांवाचून फिरणारी ही मुले नेवाशास येतात आणि शके 1212 मध्ये तेथे मराठीतील सर्वश्रेष्ठ ग्रंथ सिद्ध होतो. परंपरेने दिलेली जन्मतिथी प्रमाण मानली तर ग्रंथकर्त्याला आज आपण शाळकरी म्हणू. बहिष्कृत मूल बोलू लागते हा या मातीतील आद्य प्रसंग आहे, आणि पुढील सात शतकांत तो निरनिराळ्या वेषांत पुन्हा पुन्हा घडलेला दिसेल. (जाता जाता एक योगायोग: महिपतींचे हे ग्रंथ इंग्रजीत नेण्याचे काम ज्यांनी आयुष्याच्या उत्तरार्धात केले, ते जस्टिन अ‍ॅबट अमेरिकन मराठी मिशनचे, म्हणजे ज्या मिशनने नगरच्या अनेक घरांतील बालपणाची दिशाच बदलली त्याच संस्थेचे होते.)

हे मिशन 1831 साली नगरास आले. मुंबईत मुलींच्या शाळा चालविणाऱ्या सिंथिया फरार 1839 पासून नगरात राहिल्या व 1862 साली येथेच वारल्या. त्यांची मुलींची शाळा पाहून जोतीराव फुल्यांनी पुण्यात शाळा काढण्याचे मनावर घेतले, आणि सावित्रीबाईंनी अध्यापनाचे धडे येथेच घेतले. 1842 साली नगरातच 'ज्ञानोदय' सुरू झाला. त्याच पत्राच्या 1855 सालच्या दोन अंकांत पुण्यातील फुल्यांच्या शाळेतली, वयाची पंधरा वर्षेही न ओलांडलेली मुक्ताबाई ही मांग विद्यार्थिनी मांगमहारांच्या दुःखाविषयी निबंध लिहिते. मोठेपणी आठवून लिहिलेल्या बालपणाचे ग्रंथ पुष्कळ आहेत. मूल असतानाच लिहिलेले व छापलेले असे लेखन त्या काळात अत्यंत दुर्मीळ, आणि तेही गावकुसाबाहेरच्या मुलीचे! आमच्या वाङ्मयेतिहासांनी या निबंधाला दीर्घकाळ तळटीपेइतकीही जागा दिली नाही, हे आमच्या अभिरुचीला भूषणावह खचितच नाही.

याच नगरात 1862 साली हरिपंत आणि राधाबाई खिस्ती यांच्या पोटी कृपाबाईंचा जन्म झाला. हरिपंत हे मिशनच्या आरंभीच्या ब्राह्मण धर्मान्तरितांपैकी. कृपाबाई पुढे मद्रासेस वैद्यक शिकावयास गेल्या, तेथे सत्यनाथन घराण्यात त्यांचा विवाह झाला, व 1894 साली ऐन तारुण्यात त्यांचा अंत झाला. तत्पूर्वी त्यांनी इंग्रजीत 'सगुणा' ही आत्मचरित्रात्मक कादंबरी लिहून ठेवली होती. ही कादंबरी लेखिकेच्या जन्माने सुरू होत नाही. ती आईच्या बालपणापासून सुरू होते. सासुरवाशीण झालेली ती चिमुरडी राधा, तिची सासू, आणि नवऱ्याने धर्म सोडल्यावर त्याच्या मागे जावे की आपल्या माणसांत राहावे हा तिचा जीवघेणा पेच, हे सारे मुलीने आईकडून ऐकून लिहिले आहे. जिला लिहिता आले नाही तिचे बालपण जिला लिहिता आले तिने जतन केले, असे याचे स्वरूप आहे. पुढे सगुणेचे स्वतःचे बालपण येते. त्यात वडीलभाऊ भास्कराच्या सहवासातले वाचन व भटकंती आहे, त्याचा अकाली मृत्यू आहे, आणि उद्धारकर्त्या म्हणून आलेल्या गोऱ्या बायांच्या नजरेतली उपेक्षाही आहे. ती या लेखिकेने निर्भीडपणे टिपली आहे. जुने घर बंद झाले आणि नव्या घरातही आपण पाहुणेच, ही जाणीव नगरच्या या मुलीला एकोणिसाव्या शतकात झाली होती.

अशाच पेचात सापडलेली दुसरी स्त्री मराठीतील सर्वांत थोर आत्मचरित्राची लेखिका ठरली. लक्ष्मीबाई टिळक 1868 साली नाशिकजवळच्या जलालपूरच्या. अकराव्या वर्षी लग्न. 1895 साली पती नारायण वामन टिळकांनी ख्रिस्ती धर्म स्वीकारला, आणि पाच वर्षांच्या ताटातुटीनंतर, 1900 साली, त्यांनीही तो स्वीकारला. नगर-राहुरीच्या परिसरात त्यांच्या संसाराची दुसरी मांडामांड झाली. 1934 पासून भागाभागांनी प्रसिद्ध झालेल्या 'स्मृतिचित्रां'चा आरंभ पाहावा. मिठासारखी वस्तूही धुऊन घेतल्यावाचून घरात न घेणारा सोवळ्याचा वेडा बाप, आणि त्या सोवळ्याच्या धाकात वाढणारी मुले. दुसऱ्या कोणाच्या हाती हा विषय गेला असता तर त्यातून सुधारकी संतापाचे प्रकरण निर्माण झाले असते किंवा अश्रूंचे. लक्ष्मीबाई हसतात. त्या हसण्यात बापाविषयी द्वेष नाही. आणि मला वाटते, ते हसणे त्यांना साधले याचे कारण त्या ते सोवळे ओलांडून फार दूर आल्या होत्या. जी त्याच घरात राहिली असती तिला ते मीठ धुणे विशेष वाटलेच नसते. ज्या घरात पिढ्यान्‌पिढ्या तेच चालते त्या घरात बालपण विधीच्या रूपाने पुढे जाते, आठवणीच्या रूपाने जात नाही. आठवण हवी तर मध्ये खंड पडावा लागतो. म्हणूनच इतकी सुशिक्षित, संपन्न घराणी या शहरात असूनही बालपणाचा ग्रंथ त्यांच्यातून न येता शाळेचे तोंडही न पाहिलेल्या या बाईकडून आला.

त्यांच्या घरी बालकवी ठोमरे राहत, आणि त्यांचे रुसवे-फुगवे लक्ष्मीबाईंनी आपल्याच मुलाचे म्हणून वर्णिले आहेत. 1899-1900 च्या छपन्न्या दुष्काळात या जिल्ह्यातील जी मुले निराधार होऊन मिशनच्या अनाथगृहांत आली, त्यांच्यापैकी बहुतेकांचा उल्लेख मात्र अहवालांत आकड्याने होतो. त्यांना विणकाम, सुतारकाम शिकविले गेले. त्यांच्या मागे राहिलेल्या गावांची नावे कोणी विचारून लिहिली असती तर आज आपल्या हाती केवढे मोठे साधन असते!

नगरच्या किल्ल्याचाही येथे उल्लेख केला पाहिजे. 1942 ते 1945 या स्थानबद्धतेत नेहरूंनी तेथे 'भारताचा शोध' लिहिला हे शाळेतल्या मुलालाही ठाऊक असते. मौलाना आझादांनी तेथेच लिहिलेल्या, कधी न धाडलेल्या पत्रांचे 'गुबार-ए-खातिर' हे पुस्तक मराठी वाचकास तितके परिचित नाही. त्यात खोलीत शिरणाऱ्या चिमण्यांच्या विनोदी हकीकतीबरोबर पीरजाद्यांच्या कर्मठ घराण्यातील स्वतःच्या बाल्याच्या आठवणी आहेत. कलकत्त्याचे बालपण आठवावयास मौलानांना नगरची कोठडी लाभली, हेही उंबऱ्याबाहेर पडण्याचेच एक रूप.

आता 1978 सालाकडे यावे. अकोले तालुक्यातील धामणगावचे दगडू मारुती पवार यांनी दया पवार या नावाने 'बलुतं' लिहिले, आणि बालपणाच्या मराठी लेखनाचा नकाशाच पालटला. तोवर गाव म्हणजे आमराई, नदी, देऊळ. 'बलुतं'मध्ये तेच गाव महारवाड्याच्या बाजूने दिसते: येसकराची पाळी, घरोघरची भाकरी, मेलेल्या जनावराची वाटणी, शाळेत निराळे बसणे, आणि मध्येच मुंबईचा कावाखाना, जेथे गावात माणूस म्हणून न मोजलेली माणसे चाळीच्या अंधारात दाटीने राहतात. या ग्रंथाची मांडणी विशेष लक्षात घेण्याजोगी आहे. शिकलेला, शहरी झालेला निवेदक आणि दगडू हे समोरासमोर बसतात व एक दुसऱ्याला आपले बालपण सांगतो. कृपाबाईंना त्यासाठी आई लागली. दया पवारांना स्वतःचेच दोन भाग करावे लागले. आपल्याच समाजाची लाज चव्हाट्यावर मांडली असा आक्षेप स्वकीयांनी घेतला, तो मला मान्य नाही. पण त्या आक्षेपामागची वेदना खोटी नव्हती. जे बालपण विसरण्यासाठी एक पिढी झिजली तेच छापलेले पाहणे सोपे नसते.

जिल्ह्याच्या दक्षिण शिवेपलीकडे, करमाळा तालुक्यात वाढलेल्या किशोर शांताबाई काळे यांचे 'कोल्हाट्याचं पोर' 1994 साली आले. बापाच्या नावाच्या जागी आईचे नाव लावणारे हे मूल याच परंपरेतले. उलट सहकाराच्या आणि राजकारणाच्या क्षेत्रातील मंडळींची जी आत्मचरित्रे अलीकडे निघतात, त्यांत कारखान्याच्या परवान्याला जितकी पाने मिळतात त्याच्या चतुर्थांशही बालपणाला मिळत नाहीत. दिवाळी अंकांतून दरसाल येणारे 'आमच्या लहानपणीची दिवाळी' या थाटाचे लेख तर मी गणतीतच धरीत नाही. त्यांत उटण्याचा वास असतो, माणूस नसतो.

या जिल्ह्यात, लोणीजवळ प्रवरेच्या काठी, 1950 साली महाराष्ट्रातील पहिला सहकारी साखर कारखाना उभा राहिला. आणि याच जिल्ह्यातील पाथर्डी, शेवगाव, जामखेड या भागांतून दर हंगामाला मुकादमाची उचल घेतलेली जोडपी कोयता घेऊन ऊसतोडीसाठी फडावर जातात. त्यांची मुले कोपीत वाढतात. धाकट्याला सांभाळणे, पाचट गोळा करणे, वाढे बांधणे यांत त्यांची अर्धी शाळा बुडते. साखरशाळा निघाल्या, काही चालल्या, काही मोडल्या. या मुलांपैकी कित्येकजण आज शिक्षक, पोलीस, ग्रामसेवक झाले आहेत. 1972 च्या दुष्काळात रोजगाराच्या कामांवर सुकडी खाऊन दिवस काढलेली पोरे तर आता साठी ओलांडून पुढे गेली आहेत.  पाथर्डी-शेवगावच्या शिक्षकांना माझी विनंती आहे की त्यांनी वर्गातील मुलांकडून फडावरचा एक दिवस लिहवून घ्यावा, तो शुद्धलेखनासाठी तपासू नये, आणि त्या वह्या रद्दीत जाऊ देऊ नयेत. आणि ज्यांनी स्वतः ते दिवस काढले आहेत त्यांनी कोणाच्या प्रस्तावनेची वाट न पाहता लिहावयास बसावे.