सातपुड्यातील एक दिवस

'सफर' हा शब्द तुम्ही घरात नेहमी ऐकता. पाहुणे परत निघाले की आपण त्यांना 'सफर बखैर' म्हणतो. हा अरबी शब्द व्यापाऱ्यांबरोबर समुद्र ओलांडून आफ्रिकेच्या पूर्व किनाऱ्यावर गेला. तेथील स्वाहिली भाषेत त्याचे 'सफारी' झाले. सफारी म्हणजे प्रवास, एवढाच त्याचा अर्थ. पुढे गोरे शिकारी बंदुका घेऊन त्या रानात हिंडू लागले आणि रानातल्या प्रवासालाच सफारी म्हणण्याची रीत पडली. आता बंदुकीच्या जागी दुर्बीण आली आहे, शब्द मात्र तोच आहे.

समजा, तुम्ही धुळ्याला राहता आणि नातेवाइकाच्या लग्नासाठी तुम्हांला बऱ्हाणपूरला जायचे आहे. बहुतेक लोक भुसावळला जाऊन रेल्वेने पुढे जातात. पण एक दिवस हाताशी असेल, तर सातपुड्याच्या पायथ्याचा रस्ता धरा. धुळ्याहून आग्रा रस्त्याने तापी ओलांडून शिरपूरला या. तेथून पूर्वेकडे चोपडा, यावल, फैजपूर, सावदा, रावेर अशी गावे लागतात आणि पुढे बऱ्हाणपूर येते. शिरपूर तालुक्यात तापीच्या काठी थाळनेर हे गाव आहे. फारुकी सुलतानांची पहिली राजधानी तेथे होती, नंतरची बऱ्हाणपूरला. म्हणजे खानदेशच्या जुन्या राजधानीकडून नव्या राजधानीकडे जाणारी ही वाट आहे.

या वाटेवर उजवीकडे तापीचे काळे रान आणि मैलोन्‌मैल केळीच्या बागा दिसतात. डावीकडे सातपुड्याची निळी रांग सतत सोबत चालते. सावद्याला पोचलात की उत्तरेकडे वळा. खिरोद्यावरून घाट चढून रस्ता पाल या गावी जातो. पालच्या आसपासचे डोंगर म्हणजे यावल अभयारण्याचा भाग. हे अभयारण्य १९६९ साली जाहीर झाले. त्याचे क्षेत्र सुमारे १७७ चौरस किलोमीटर असून उत्तरेला मध्य प्रदेशाची हद्द आहे. आदल्या दिवशी संध्याकाळी येथे पोचावे, वनखात्याच्या कचेरीत परवान्याची चौकशी करावी आणि उद्यासाठी वाटाड्या ठरवावा. वाटाड्या म्हणजे वाट दाखवणारा, तुमच्या भाषेत रहबर. त्याच्याशिवाय रानात जाऊ नये. वाट चुकण्याची भीती हे त्याचे एक कारण. दुसरे असे, की त्याच्याशिवाय तुम्हांला काहीच दिसणार नाही.

वाटाड्याला निघतानाच 'दादा, वाघ दाखवणार ना?' असे विचारू नका. यावलच्या रानात वाघ कधी काळी येतो आणि जातो. येथे राहणारी जनावरे म्हणजे बिबट्या, अस्वल, तडस, सांबर, नीलगाय, चिंकारा, रानडुक्कर. तीही समोर येऊन उभी राहत नाहीत. ती रात्री काय करून गेली, ते सकाळी धुळीत लिहिलेले असते. ते वाचायचे असते.

उजाडण्यापूर्वी निघा. ओढ्याच्या वाळूत वाटाड्या एकदम खाली बसेल आणि बोटाने एक ठसा दाखवील. आधी नखे पाहा. मांजराच्या कुळातील जनावर चालताना नखे आत ओढून घेते. म्हणून बिबट्याच्या ठशात चार बोटे आणि एक गादी दिसते, नखे दिसत नाहीत. ठशापुढे नखांचे टोक उमटले असेल तर ते कुत्रे, कोल्हा किंवा तडस. तडसाचे पुढचे पाय मागच्यांपेक्षा मोठे असतात. हाडे चावून खाण्याची त्याला सवय, म्हणून त्याची विष्ठा वाळली की चुन्यासारखी पांढरी होते. अस्वलाचा मागचा पाय माणसाच्या अनवाणी पावलासारखा उमटतो, पण पुढे लांब नखांच्या रेघा असतात. त्याच वाटेवर एखादे वारूळ फोडलेले दिसले, तर ते कोणाचे काम हे आता वाटाड्याने सांगायला नको.

ठसा कोणाचा हे कळले, तरी तो केव्हाचा हे कळणे अधिक अवघड. पहाटे झाडावरून दवाचे थेंब पडतात आणि धुळीत बारीक खळगे करतात. ठशाच्या आत असे खळगे असतील तर जनावर दव पडण्यापूर्वी गेले. खळगे ठशाखाली दडपले असतील तर ते नंतर गेले, कदाचित तुम्ही चहा पीत होता तेव्हा. एक कोरा कागद आणि पेन्सिल जवळ ठेवा. दिसलेला ठसा त्याच मापाचा काढा, शेजारी तारीख आणि वेळ लिहा.

ऊन वर येऊ लागले की कान उघडे ठेवा. बिबट्या हलला की रानात त्याची बातमी पसरते. मोर कशानेही ओरडतो, त्याच्यावर फार विसंबू नये. वानरांचा टेहळ्या उंच फांदीवरून खकरतो, त्याचे ऐकावे. आणि सांबर मोठ्याने, थांबून थांबून ओरडू लागले, तर वाटाड्या हात वर करून सर्वांना जागीच थांबवील. सांबर उगीच ओरडत नाही. अशा वेळी जीपमधला एक जण मोठ्याने हसला, तरी सगळ्यांची सकाळ फुकट जाते. (बिस्किटाच्या पुड्याचा चुरचुर आवाजही रानात फार मोठा वाटतो, हे आधीच सांगून ठेवतो.)

दुपारी जनावरे सावलीला बसतात, आपणही बसावे. त्या वेळी झाडे पाहा. साग, सालई, धावडा, मोह, पळस यांच्यात अंजन हे झाड ओळखायला सोपे. त्याचे पान दोन भागांचे, गाईच्या खुरासारखे असते. खडकाळ, कोरड्या जमिनीत ते उभे राहते आणि चाऱ्याला उपयोगी पडते. याच डोंगरांतून अनेर नदी खाली उतरते. पुढे ती तापीला मिळते. तिच्यावरच्या धरणाभोवती शिरपूर तालुक्यात, म्हणजे तुमच्या धुळे जिल्ह्यात, १९८६ साली अनेर अभयारण्य झाले.

रानात माणसेही आहेत. डोंगरात पावरा लोकांचे पाडे आहेत, पायथ्याच्या गावांत तडवी राहतात. मोहाची फुले, तेंदूची पाने, डिंक, यांवर अनेक घरे चालतात. काही ठिकाणी झाडे तुटून तेथे शेते झालेली तुम्हांला दिसतील. जे लोक १३ डिसेंबर २००५ पूर्वीपासून वनजमीन कसतात, त्यांना २००६ च्या कायद्याने हक्क मागता येतो. काहींचा हक्क खरा आहे, काहींनी नंतर झाडे तोडली आहेत, आणि दोघांत निवाडा करणे सोपे नाही. जीपमधून बघून कोणाला दोष देऊ नये. वाटाड्याचे घरही कदाचित त्याच पाड्यात असेल.

दुपारच्या उन्हात निष्पर्ण सागाच्या फांदीवर एखादे लहान घुबड बसलेले दिसले, तर मात्र उठा. घरामागच्या झाडावर राहणारा पिंगळा तुम्ही पाहिला असेल. त्याच्या डोक्यावर पांढरे ठिपके स्पष्ट असतात. रानपिंगळ्याच्या डोक्यावर ते जवळजवळ नसतात, पाय आणि चोच दणकट, शेपटीवर ठळक पट्टे. घुबड असून तो दिवसा शिकार करतो. सरडे आणि उंदीर हे त्याचे खाणे.

या पक्ष्याची हकीकत ऐकण्यासारखी आहे. १८८४ साली खानदेशात डेव्हिडसन नावाच्या ब्रिटिश अधिकाऱ्याने रानपिंगळा मिळवला. त्यानंतर तो कोणालाच खात्रीने दिसला नाही. डॉ. सलीम अली यांनी १९७५ च्या सुमारास अमेरिकी पक्षितज्ज्ञ रिप्ले यांच्यासह त्याचा शोध घेतला, पण हाती काही लागले नाही. १९८७ साली सलीम अली वारले. लोकांना वाटले, हा पक्षी जगातून नाहीसा झाला. १९१४ साली गुजरातेत मिळाल्याची चिठ्ठी असलेला एक नमुना लंडनच्या संग्रहालयात होता. पॅमेला रासमुसेन या संशोधिकेने तो बारकाईने तपासला. तेव्हा कळले, की मायनरट्सहॅगन या लष्करी गृहस्थाने डेव्हिडसनचाच जुना नमुना चोरून, पुन्हा भरून, त्याला खोटी चिठ्ठी बांधली होती! एका खोट्या चिठ्ठीने शोधणाऱ्यांना वर्षानुवर्षे चुकीच्या जागी पाठवले. रासमुसेन यांनी ती बाजूला ठेवली आणि खऱ्या नोंदींच्या गावी जायचे ठरवले. नोव्हेंबर १९९७ मध्ये शहाद्याजवळच्या सातपुड्यात, भर सकाळी, एका उघड्या झाडावर रानपिंगळा बसलेला सापडला. तेव्हा शहादा धुळे जिल्ह्यात होता, नंदुरबार जिल्हा पुढे १९९८ साली वेगळा झाला. मग शोध सुरू झाला तसा हा पक्षी यावलच्या आणि मेळघाटच्या रानातही आढळला. तो अजून संकटग्रस्त आहे. त्याला जुन्या झाडांतल्या ढोल्या लागतात, आणि जुनी झाडेच आधी तुटतात.

संध्याकाळी पाणवठ्यापासून दूर, वाटाड्या सांगेल तेथे गप्प बसा. अंधार पडण्यापूर्वी परतायचे आहे, पण त्याआधी समोरच्या डोंगरांकडे पाहा. हीच रांग पूर्वेकडे बऱ्हाणपूरच्या रानातून मेळघाटापर्यंत जाते. मेळघाट हा देशातील पहिल्या नऊ व्याघ्र प्रकल्पांपैकी एक. अबुल फजलने 'आईन-ए-अकबरी'त रानटी हत्तींच्या ठिकाणांमध्ये बिजागढचे नाव दिले आहे. तो किल्ला उत्तरेला खरगोन जिल्ह्यात आहे. आज तेथे हत्ती नाहीत. पूर्वी हे सगळे रान एकसंध होते, आता त्यात शेते, रस्ते आणि रूळ आले आहेत.

वाघाचा बच्चा मोठा झाला की आईचा मुलूख सोडून स्वतःचा मुलूख शोधायला निघतो. त्याची सफर आपल्यासारखीच, एका प्रदेशातून दुसऱ्या प्रदेशात. यवतमाळच्या टिपेश्वर अभयारण्यातील एका तरुण वाघाच्या गळ्यात २०१९ साली रेडिओ पट्टा बांधला होता, म्हणून त्याची वाट कळली. तो तेलंगणातून फिरून, शेते, कालवे, महामार्ग ओलांडत तेराशे किलोमीटरहून अधिक चालला आणि वर्षाच्या अखेरीस बुलढाण्याच्या ज्ञानगंगा अभयारण्यात पोचला. लोकांनी त्याला 'वॉकर' नाव दिले. एवढे चालून तो जेथे थांबला, तेथे एकही वाघीण नव्हती. आपल्या जळगाव जिल्ह्यातही मुक्ताईनगर तालुक्यात डोलारखेड्याच्या बाजूला वाघ आहेत. ते केळीच्या बागांतही आढळले आहेत. बारमाही ओलावा, दाट सावली आणि रानडुकरे, वाघाला आणखी काय हवे? पण बाग शेतकऱ्याची आहे, तेथे मजूर घड कापायला जातात. वाघाला डोंगरातून डोंगरात जाण्याची वाट उरली नाही, तर तो बागेतच राहील.

दुसऱ्या दिवशी सकाळी तुम्ही पालहून खाली उतराल. रावेरजवळ केळीने भरलेले ट्रक ओळीने उभे असतील. दुपारपर्यंत बऱ्हाणपूरला पोचाल. लग्नघरी मामू, खाला, सगळे एकच प्रश्न विचारतील, 'वाघ दिसला का?' तेव्हा खिशातला कागद काढा. त्यावर चार बोटे आणि एक गादी असेल, नखे नसतील, आत दवाचे खळगे असतील आणि शेजारी तुमच्या हाताने लिहिलेली वेळ असेल.